गोजरबाईचा खाडा

अभिलेख कक्षाचा चार्ज घेताना करुणा त्रिभुवनच्या हातात यादी पडली. यादीत किल्ल्यांचा जुडगा होता, लोखंडी शिडी होती, पाय मोडलेलं स्टूल होतं, वाळवीच्या औषधाचा पंप होता आणि सगळ्यात शेवटी लिहिलं होतं, 'मुलूख, एक. चालू स्थितीत.'

"हे काय आहे?" तिनं विचारलं.

निवृत्त होणारे धोंडिबा भाऊसाहेब निरोपाच्या हारातल्या पाकळ्या शर्टावरून झटकत होते. "शेवटच्या रॅकच्या मागं आहे. दफ्तराबाद म्हणतात. तुम्ही सही करा, मॅडम. बघायलाच पाहिजे असं काही नाही."

करुणानं सही केली. सरकारी नोकरीत माणूस न पाहिलेल्या कितीतरी गोष्टींवर सही करतो. पूल, विहिरी, वृक्षलागवड. त्यात एक मुलूख.

नंतर सवडीनं तिनं तो पाहिलाही. दौलताबाद बघायला लोक लांबून येतात, खुलताबादला डोकं टेकायला येतात. दफ्तराबादला कोणी येत नाही, तिथं माणूस जमा होतो. ज्याचं नाव सरकारी कागदावर आहे तो मेला की तिथं राहायला जातो, आणि कागद असेतोवर राहतो. मात्र कागदावर लिहिलंय तेवढाच. जन्मभर बासरी वाजवलेल्या माणसानं एकदाच कधी रॉकेलच्या परवान्यासाठी अर्ज केला असेल, तर तो तिथं बासरी वाजवत नाही. परवान्याची वाट बघत उभा असतो. चेहऱ्याचंही तसंच. अर्जाला फोटो लावलेला असेल तर चेहरा मिळतो, कपाळात टाचणी आणि अर्ध्या गालावर गोल शिक्का यांच्यासकट. फोटो नसेल आणि सही असेल, तर मानेवर नुसती सही. ज्यांनी अंगठा दिला त्यांच्या मानेवर अंगठा.

बाहेर कचेरीत प्रत्येक टेबलाचे कागद सहा गठ्ठ्यांत लावायची पद्धत आहे, तसे आत सहा प्रांत होते. प्रलंबितांच्या प्रांतात सगळे एका दाराकडे तोंड करून बसलेले, आणि दार भिंतीवर रंगवलेलं. मासिक अहवालांच्या प्रांतात तीच एक पाच तारीख पुन्हा पुन्हा उगवायची. सहावा प्रांत नाश करायच्या कागदांचा. तिथली माणसं फिकट होत जायची, आणि एके दिवशी लगद्याच्या कारखान्याचा टेम्पो आला की प्रांत रिकामा. शहराचं नाव बदललं तेव्हा कचेरीतले शिक्के बदलले, पाट्या बदलल्या, दफ्तराबादला कळवायचं मात्र राहून गेलं. त्यामुळे तिथं जो तो आपापल्या कागदावरच्या शहरात राहतो आणि शेजाऱ्याला परगावचा समजतो.

करुणानं हे सगळं घरी सांगितलं होतं. बजाजनगरच्या दोन खोल्यांत ती आणि तिची आई मनकर्णाबाई राहायच्या. आईनं ऐकून घेतलं, म्हणाली, "सरकारचं काय काय असतंय, बाई," आणि कुकरची शिट्टी काढून ठेवली.

पुढं 'शून्य प्रलंबितता पंधरवडा' आला. जुने गठ्ठे तपासायचे, वर्ग लावायचे, 'ड' वर्गातले नष्ट करायचे. 'अ' म्हणजे कायम ठेवा, 'ड' म्हणजे काम झालं की संपवा, मधले 'ब' आणि 'क' मधल्यासारखे. खरं तर 'ड'चे कितीतरी गठ्ठे फार पूर्वीच जायला हवे होते. पण नाश करायलाही कोणीतरी शिडीवर चढावं लागतं. या वेळी करुणा चढली. गठ्ठ्याच्या फडक्यावरची चिठ्ठी वाचायची, नियमांच्या पुस्तकात वर्ग बघायचा, यादीत लिहायचा. गाठ सोडून आत बघायचं काम नियमात नव्हतं. पंधरवडा संपला तेव्हा कक्षाला जिल्ह्यात पहिला नंबर मिळाला आणि व्हरांड्यात रचलेल्या गठ्ठ्यांसमोर साहेबांच्या हस्ते पुष्पगुच्छ घेताना तिचा फोटो निघाला.

तो फोटो तिनं संध्याकाळी मोबाइलवर आईला दाखवला. मनकर्णाबाईंनी लेकीकडं बघितलं, साहेबांकडं बघितलं आणि मग बोटांनी चित्र मोठं करून मागच्या गठ्ठ्यांकडं बघायला लागल्या. विहारातल्या प्रौढ शिक्षणाच्या वर्गात त्या वाचायला शिकल्या होत्या आणि तेव्हापासून समोर येईल ती पाटी वाचायच्या.

"ह्या गठुड्यावर काय लिव्हलंय गं? फु... लं... ब्री?"

"फुलंब्री ते वडोद, दुष्काळी खडीकाम. हजेरीपत्रकं आहेत, आई."

"बहात्तरच्या दुष्काळातली?"

"हो."

मनकर्णाबाईंनी चष्मा काढून पदरानं पुसला. "त्या कामावर माझी माय व्हती."

गोजरबाई दुष्काळात गेली, एवढं करुणाला माहीत होतं. कुठं गेली ते कधी निघालं नव्हतं.

"मला लिंबाखाली बसवायची आन् म्होरं खडी फोडायची," मनकर्णाबाई म्हणाल्या. "मुकादम लई वंगाळ. मागं बगितलं तरी वरडायचा, पोरगी कुटं जाती का म्हनून. मला तिची पाठच आठवती बग. तोंड नाय आठवत. लई आठवून बगितलं. फोटू तर नव्हताच." चष्मा परत डोळ्यांवर चढवत त्या म्हणाल्या, "आता ती तुज्या त्या मुलखात असंल की."

"असेल."

"आन् ह्या गठुड्याचं काय करनार तुमी?"

करुणानं मोबाइल बंद केला. "उद्या दुपारी टेम्पो येणार आहे."

"म्हंजी ती पुसून जानार?"

"हो."

"सही कुनाची हाय?"

"माझी."

"उघडून बगितलं नव्हतंस?"

"आई, 'ड'चे गठ्ठे कोण उघडतं?"

मनकर्णाबाई चिडल्या नाहीत. त्या चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या एवढंच म्हणाल्या, "उद्याच्याला जा. तिला पुसून जाऊ दिऊ नको. आन् तोंड कसं व्हतं तेवढं मला येऊन सांग."

सकाळी करुणा साहेबांच्या केबिनमध्ये उभी राहिली. "साहेब, एक गठ्ठा 'ड'मधून 'अ'मध्ये घ्यायचा होता."

"आता?" साहेबांच्या टेबलावर ट्रॉफी होती आणि तिच्यावरचा प्लास्टिकचा कागद अजून काढलेला नव्हता. "वर 'निरंक' कळवलंय मॅडम. तो गठ्ठा आपल्याकडे नाही."

"व्हरांड्यात आहे, साहेब."

"व्हरांड्यात असेल. आपल्याकडे नाही."

कागद गुपचूप पर्समध्ये घालून घरी न्यावा, हे तिच्या मनात येऊन गेलं. पण धोंडिबा भाऊसाहेबांनी तेच केलं होतं, वडिलांच्या बाबतीत. गठ्ठ्यातून सुटलेला कागद हा नुसता घरचा कागद होतो. भाऊसाहेबांचे वडील त्या दिवसापासून दफ्तराबादलाही नाहीत आणि घरीही नाहीत, फ्रेममध्ये आहे ती शेतसाऱ्याची पावती.

डब्याच्या सुट्टीत कचेरी जेवायला बसली तेव्हा करुणानं व्हरांड्यातून तो गठ्ठा उचलला, गाठ सोडली आणि पानं उलटत गेली. दुष्काळाचं काम मोठं होतं, माणसं दाटीवाटीनं लिहिलेली होती. मधेच कुठंतरी सापडलं: 'गोजरबाई भ्र. पुंजाराम खरात. खडी फोडणे.' पुढच्या सगळ्या चौकटींत हजर, हजर, हजर. शेवटी निळा अंगठा. 'शेरा' लिहिलेला रकाना कोरा. तिनं गठ्ठा काखेत मारला आणि शेवटच्या रॅकच्या मागं गेली.

वेशीवर सांडू सरिश्तेदार बसलेला होता. निजामाच्या अमदानीत तो कुठल्याशा तालुक्याला कागद सांभाळायचा आणि मेल्यावरही तेच करत होता. त्याच्या मानेवर मोहोर होती, गोल, उर्दू अक्षरांची, कडेला शाई जरा फुटलेली.

"क्या बाई," मोहोर म्हणाली, "जिंदे होके डब्बे की छुट्टी में इधर? भाजी अच्छी नहीं क्या आज?"

"सांडूमियाँ, हा गठ्ठा सहाव्यात आहे. मला तो 'अ' करून पाहिजे."

"कायकू?"

"माझी आजी आहे त्यात."

ती अर्ज, विनंती, खुलासा, सगळ्याची तयारी करून आली होती. बाहेर कुठलीही गोष्ट कायम करायला चार टेबलं लागतात, मध्ये एक दिवाळी जाते. सांडूमियाँनी हात लांब केला, गठ्ठ्याच्या फडक्यावर शिक्का ठोकला आणि गठ्ठा परत दिला.

"झालं?"

"हौ. हो गया. अब कायम." त्यानं शिक्का पुसून ठेवला. "ये गठ्ठा अब कोई नहीं फाड सकता. क़यामत तक पड़ा रहेगा. जाव, दादी कू मुबारकबाद दे के आव."

करुणाच्या डोळ्यांत पाणी आलं. इतकं सोपं काम तिनं नोकरीत कधी पाहिलं नव्हतं. तिला संशय यायला पाहिजे होता.

सहाव्या प्रांतात एक टेकडी होती आणि टेकडीच्या अंगाला खडीची लांब रांग होती. रांगेत माणसं उकिडवी बसून हातोडे मारत होती. ती विझत आलेल्या उजेडासारखी फिकट दिसत होती, पण करुणा जवळ पोचेपर्यंत त्यांच्यात शाई भरत गेली. नऊवारी लुगड्यांचे काठ उठून दिसायला लागले. हातोड्यांचा आवाज मोठा झाला. करुणा नावं विचारत विचारत पुढं गेली, आणि एका ठिकाणी विचारावं लागलं नाही. पाठ पाहून कळलं. मनकर्णाबाई पाटा धुवायला बसतात तेव्हा पाठ अशीच दिसते, डावा खांदा जरा वर.

ती वळसा घालून समोर गेली. मानेवर अंगठा होता. निळा, मधोमध भोवरा, एका बाजूला जरा घसरलेला. मुकादमानं घाईत हात ओढला असणार. नाक नव्हतं, डोळे नव्हते. आईला काय सांगायचं, हा प्रश्न तिथंच संपला.

"हजेरी घ्यायला आलीस का, बाई?" अंगठा म्हणाला. हातोडा थांबला नाही. "ह्या पाळीला बाईमानूस मुकादम धाडला का काय?"

"मी मुकादम नाही. मी मनकर्णाची मुलगी आहे."

"कोन मनकर्णा?"

"तुमची."

"माजी मनकर्णा ल्हान हाय. लिंबाखाली बसलीय ती, मागं." हातोडा पडला, दगड फुटला. "तिला कुठून आली पोरगी?"

"आता म्हातारी झालीय ती. गुडघे दुखतात. बजाजनगरला असते माझ्याकडे."

हातोड्यानं आणखी दोन दगड फोडले. मग गोजरबाई म्हणाली, "मंग लई येळ झाला म्हनायचा. मला वाटलं, व्हतीया सुट्टी आता." आणि मग हळूच, मुकादमाला ऐकू जाऊ नये तशी, "मागं बगती का जरा? हाय ना पोरगी? मला वळता येत नाय. हजरी चालू हाय ना."

करुणानं तिच्या पाठीमागं पाहिलं. मागं लिंब नव्हता. मूलही नव्हतं. हजेरीपत्रकात लिंब लिहीत नाहीत, आणि कामावर न घेतलेली मुलंही लिहीत नाहीत. मागं नुसता कोरा कागद होता, दूरवर, कडेला पिवळा पडलेला.

"आहे," करुणा म्हणाली. "बसलीय."

"रडत नाय ना?"

"नाही."

"बरं झालं." दगड फुटला. "मगाशी अंगात जोर आल्यागत झालं बग. आदी लई हलकं हलकं वाटाया लागलं व्हतं. म्हनलं सुटतीया. आन् मदीच कुनीतरी धरून खाली बसवल्यागत झालं. काय झालं गं?"

करुणाला उत्तर माहीत होतं. उत्तर तिच्या काखेत होतं, फडक्यावर ताजा शिक्का घेऊन. "तुम्हाला कायम केलंय," ती म्हणाली. "मी केलं."

"कायम म्हंजी? हितं?"

"हो."

"हेच करत?"

करुणा माघारी वळली. ती पळतच वेशीवर गेली. सांडूमियाँ तिथंच होता. तो दुसरीकडं कुठं असणार?

"शिक्का काढा. पुन्हा 'ड' करा."

"नक्को बोलो बाई. 'अ' का 'ड' नहीं होता. सरकार की गलती भी कायम रहती." त्याचा आवाज वाईट नव्हता, नुसता जुना होता. "मेरेकू देखो. कायम हूँ. किसीने पूछा था क्या?"

"मग तिच्या कागदात काहीतरी लिहू द्या. हे खोडते, दुसरं लिहिते."

"खाडाखोड नहीं चलती. कोरा खाना हो तो भर सकते."

शेऱ्याचा रकाना कोरा होता. करुणानं पेनचं टोपण काढलं. "रजा लिहू? पगारी नको, बिनपगारी."

"दुष्काळ के काम पे रजा?" मोहोर हसली असावी, शाई जरा हलली. "वहाँ आदमी हाजिर रहता या गैरहाजिर. बीच का कुछ नहीं."

ती परत टेकडीवर आली, गोजरबाईच्या मागं उभी राहिली, गुडघ्यावर गठ्ठा टेकवला आणि शेऱ्याच्या रकान्यात लिहिलं: 'गैरहजर.' तारीख घातली नाही. तारीख नसलेला शेरा कायम लागू राहतो, हे तिला नोकरीनं शिकवलं होतं.

वर गेलेला हातोडा वरच थांबला. मग सावकाश खाली आला आणि दगडावर न पडता दगडाशेजारी ठेवला गेला. गोजरबाईनं दोन्ही हात गुडघ्यावर ठेवले, हूं करून उठली. कंबर धरली. पाठ सरळ केली.

"खाडा लावलास व्हय माजा?" ती म्हणाली. "आजपातुर एक खाडा नव्हता माजा."

आणि मग ती मागं वळायला लागली.

करुणाला त्याच क्षणी कळलं आणि ती ओरडलीही, "आजी, थांबा!" पण तिनंच केलेली नोंद होती, स्वच्छ अक्षरात. गैरहजर माणूस जागेवर कसा दिसणार? डावा खांदा वळला, मान वळायला लागली, निळ्या भोवऱ्याची कड दिसली, आणि त्यापुढं काही नव्हतं. जागा रिकामी होती. हातोडा तेवढा राहिला, कारण हातोडा सरकारी होता.

रांगेतले सगळे हात थांबले नव्हते, पण सगळे अंगठे तिच्याकडं वळल्यासारखे वाटले. शेजारची बाई म्हणाली, "अवं मुकादमीन, कुटं गेली ती?"

"माहीत नाही."

"परत आनून बसवत्यात का?"

"नाही. शेरा कायम आहे."

बाईनं दोन दगड विचार केला. "मंग माजा बी लावा की. दगडाबाई भ्रतार सखाराम. वडोदची."

करुणानं पान शोधलं. लिहिलं. शेजारून आणखी एक नाव आलं, मागून आणखी. कोणी विचारलं नाही की गैरहजर माणूस जातो कुठं. एकानं फक्त विचारलं, तिकडं ऊन असतं का. कचेरीत डब्याची सुट्टी संपल्याची घंटा झाली तेव्हा रांग मोडायला नुकती सुरुवात झाली होती आणि टेकडीच्या वळणापलीकडं हातोडे वाजतच होते.

"राहिलेल्यांचं उद्या," ती म्हणाली. हे वाक्य तिनं खिडकीवरच्या लोकांना आयुष्यभर ऐकवलं होतं. या लोकांनी मात्र त्यावर विश्वास ठेवला.

टेम्पो आला, गठ्ठे चढले. शिपायानं खडीकामाच्या गठ्ठ्यावरचा 'अ' पाहिला आणि तो मुकाट्यानं आत आणून रॅकवर टाकला. साहेब बघायला आले. "हा कुठून आला?"

"आपल्याकडे नाही हा, साहेब," करुणा म्हणाली. "निरंक कळवलंय."

साहेबांनी थोडा वेळ गठ्ठ्याकडं पाहिलं, आणि मग तो नसल्यासारखे निघून गेले.

संध्याकाळी मनकर्णाबाई दारात बसलेल्या होत्या. "भेटली?"

"भेटली."

"तोंड?"

करुणानं चपला काढल्या, पर्स खुंटीला अडकवली, पाणी प्यायली. "तोंड नव्हतं गं, आई. अंगठा होता. पाठ तुझ्यासारखी आहे."

मनकर्णाबाईंनी मान हलवली, जसं काही सरकारकडून एवढंच मिळेल हे त्यांनी आधीच धरलं होतं. "आन् पुसली का?"

"नाही. कायम आहे. पण तिथं नाही. मी तिला गैरहजर लावलं."

"मायचा खाडा लावलास?"

"हो. उठली ती. तुझ्याकडं वळत होती."

"मी व्हते का तिथं?"

करुणाला दुसऱ्यांदा 'हो' म्हणता आलं असतं. दुपारी एकदा म्हणून झालं होतं. "नाही," ती म्हणाली. "तू लिहिलेली नाहीस."

मनकर्णाबाई गल्लीत बघायला लागल्या. कंपनीची बस आली, पाळी सुटलेली माणसं उतरली, आपापल्या दारांत शिरली. मग त्या गुडघ्यावर हात टेकून उठल्या, डावा खांदा जरा वर, आणि स्वयंपाकघरात गेल्या. परातीत पीठ घेतल्याचा आवाज आला.

"आई, भाकरी झाल्यात ना?"

"खाडा झाला म्हंजी कामावरची सुकडी खायाला भेटत नाय," आतून आवाज आला. "उपाशी असंल ती."

ती भाकरी ताटलीखाली झाकून दाराशी ठेवलेली सकाळपर्यंत तशीच होती. करुणानं ती डब्यात भरली. दुपारी डब्याच्या सुट्टीत तिला जेवायला वेळ मिळणार नव्हता, रांग मोठी होती; पण शिळी भाकरी टाकायची पद्धत त्यांच्या घरात नव्हती.